कलंक मोडायचा तर चेहरा दाखवावाच लागतो का?

रानजाई (धागाकर्ती):
एचआयव्हीसह जगणाऱ्या कार्यकर्त्यांनी नाव-चेहऱ्यानिशी पुढे यावं, असं माझं ठाम मत आहे. गोव्यात १९८९ मध्ये डॉमिनिक डिसूझांना रक्तदानानंतरच्या तपासणीवरून पोलिसांनी उचललं आणि म्हापशाच्या जुन्या टीबी सॅनेटोरियममध्ये ६४ दिवस डांबलं. सुटल्यावर ते लपले नाहीत, उघड बोलले, ‘पॉझिटिव्ह पीपल’ या संस्थेच्या उभारणीत पुढे राहिले. माणूस समोर दिसला की भीती ओसरते.

उंबरठा:
नाही पटत. डॉमिनिकनी नाव आपणहून कुठे सांगितलं? ते त्यांच्यावर लादलं गेलं. आई लुसी डिसूझा हायकोर्टात गेल्या, तरी कायद्यातलं विलगीकरणाचं कलम कोर्टाने कायमच ठेवलं. घरातलं चित्र बघा. टीएलडीची, म्हणजे एचआयव्हीवरच्या रोजच्या औषधाची, तीस गोळ्यांची बाटली हलली की खुळखुळते. सासरी कुणी विचारू नये म्हणून बाई लेबल खरवडते, गोळ्या कागदाच्या पुडीत बांधते. पाहुणे आले की डोस राहतो. असं वारंवार झालं की व्हायरल लोड, म्हणजे रक्तातलं विषाणूचं प्रमाण, चढतो. तिला स्टेजवर बोलवून काय साधणार?

रानजाई:
लेबल खरवडावं लागतं ते याच भीतीपायी ना? औषध नियमित घेऊन व्हायरल लोड २०० च्या खाली टिकला, तर शरीरसंबंधातून जोडीदाराला लागण होत नाही. हे पोस्टरवर वाचून कुणाला पटतं? वीस वर्षं संसार केलेलं जोडपं सांगतं तेव्हा पटतं.

सलाईन:
दोघंही दवाखाना विसरलात. एचआयव्ही असलेल्याच्या केसपेपरवर लाल शाईने खूण, ऑपरेशन यादीत शेवटचा नंबर, हे आजही चालतं. खुणेने कुणीच सुरक्षित होत नाही. लागण होऊनही चाचणी तीन महिन्यांपर्यंत निगेटिव्ह येऊ शकते, आणि बिनखुणेच्या पेशंटजवळ स्टाफ गाफील राहतो. म्हणून ग्लोव्हज घालायचे आणि वापरलेली सुई लगेच शार्प्सच्या (टोकदार वस्तूंच्या) डब्यात टाकायची, हा नियम प्रत्येक पेशंटला. सुई टोचलीच तर जागा पिळायची नाही. साबण-पाण्याने धुवायची आणि पीईपीचा (लागण टाळायच्या औषधाचा) पहिला डोस शक्यतो दोन तासांत, फार तर ७२ तासांत घ्यायचा. पुढे २८ दिवस खंड नको.

उंबरठा:
हेच म्हणते मी. २०१७ चा एचआयव्ही-एड्स कायदा १० सप्टेंबर २०१८ पासून लागू आहे. संमतीशिवाय चाचणी नाही, संमतीशिवाय वाच्यता नाही. शंभर माणसं असलेल्या आस्थापनेत तक्रार अधिकारी हवा, दवाखान्यात तर विसांवरच. वर याच कायद्याखालचा लोकपाल: निकाल ३० दिवसांत, तातडीच्या उपचाराचा प्रश्न असेल तर शक्यतो २४ तासांत. कोर्टात टोपणनावाने लढता येतं. चेहरा कुठे लागला?

रानजाई:
कागदावर सगळं आहे. तक्रार अधिकाऱ्याचं नाव किती दवाखान्यांत भिंतीवर दिसतं?

सलाईन:
ते विचारायला पॉझिटिव्ह असायची गरज नाही. कुणीही लेखी अर्ज द्यावा, पोच घ्यावी. त्यात एकच ओळ: तक्रार अधिकारी कोण, कुठे बसतात?