मेडियाचा आवाजच काढून घेतला, मग राहिलं काय?

तळ्यात_मळ्यात
परवा इथे एकाने लिहिलं, "इटालियन डबिंगमुळे मिथककथा उलट भारदस्त होते." वाचून चहा गार झाला माझा. इटालियन दिग्दर्शक पासोलिनीचा १९६९चा 'मेडिया' हा ग्रीक पुराणकथेवरचा चित्रपट घ्या. मेडिया कोण, तर ऑपेरा गायिका मारिया कॅलास. जिने १९५३ साली फ्लॉरेन्समध्ये केरुबिनीच्या ऑपेरातली मेडिया गायली, ती. आणि पडद्यावर आवाज डबिंग करणाऱ्या रीता सावान्योनेचा! अहो, मेडिया परकी आहे. दूरच्या कोल्किसहून नवऱ्याबरोबर आलेली, ग्रीसमधल्या कॉरिंथमध्ये कुणी तिला आपली म्हणत नाही. कॅलास न्यूयॉर्कला जन्मलेली, आईवडील ग्रीक, इटालियन नंतर शिकलेली. परकेपणा आयता मिळत होता. तो पुसून डबिंगच्या खोलीतलं लख्ख इटालियन चढवलं. पहिल्याच वाक्याला बाई सासरची झाली!

मिलानचा_मामा
ती पोस्ट माझीच. चहा परत गरम करा.
पासोलिनीवर कुणी बळजबरी केली नव्हती. इटलीत तेव्हा आवाज नंतरच भरत, इटालियन नटांचासुद्धा. त्याचा जेसन (मेडियाला दगा देणारा नवरा), जुझेप्पे जेंतीले, हा तिहेरी उडीवाला; १९६८च्या मेक्सिको ऑलिंपिकमध्ये कांस्य मिळालेला. त्याला पीनो कोलित्सीचा आवाज दिला. उडी मारणाऱ्याकडून संवादफेकही हवी का? आणि कॅलास बोलते किती? चेहराच बोलतो तिचा.
राय या इटालियन सरकारी टीव्हीची १९६८ची 'ओदिसेआ' मालिका, होमरच्या 'ओडिसी'वरची, माझ्या इटालियन सासूबाईंना जवळजवळ पाठ आहे. आधी कवी उंगारेत्ती होमर वाचणार, मग गोष्ट. तिचा नायक युलिसिस झालेला बेकीम फेहमिऊ युगोस्लाव्हियाचा. तो आवाज त्याचा नाही असं मी एकदा बोलून गेलो. दोन दिवस जेवायला नुसता पास्ता, वर काही नाही.

माइकमागे
अंधेरीत डबिंग करते, अकरा वर्षं झाली. उच्चार सोडा, खरी गोची 'यू'ची. इंग्रजीत एकच, इटालियनमध्ये तू, वोई, लेई (मुसोलिनीने १९३८मध्ये लेई हटवून वोई लादलं होतं), आपल्याकडे तू, तुम्ही, आपण. होमरच्या ग्रीकमध्ये ही भानगडच नाही, राजालाही तूच. म्हणजे डब करताना नातं नव्याने ठरवायचं.
एका परदेशी पौराणिक मालिकेत मुलगा देवांच्या राजाला काय म्हणेल, यावर आमचा पाऊण तास गेला. शेवटी 'आपण'. का? पडद्यावर त्या जागी पोराचे ओठ मिटत होते. 'तू'ला ओठ मिटत नाहीत, 'प'ला मिटतात. संपलं. व्याकरण गेलं तेल लावत.

खवचट_खानदेशी
देवाला आपण?? विठोबाला तू म्हणणारी माणसं आपण. 'आपण' म्हणे, बँकेत अर्ज करताय का?
आणि विषय निघालाच आहे तर, मराठी डबिंगमध्ये देव सदाशिव पेठेत राहतात आणि राक्षस, द्वारपाल तेवढे आमच्याकडचे, हे कोण ठरवतं?

माइकमागे
मी नाही ठरवत. मी स्वतः भुसावळची आहे.

खवचट_खानदेशी
मग तर जास्तच लाज वाटायला हवी.

माइकमागे
दिवसाचे पैसे तीन महिन्यांनी मिळतात, त्यात लाजेचा भत्ता नसतो. तुम्ही या एकदा, माइकपुढे दहा वाक्यं बसवून दाखवा.

तळ्यात_मळ्यात
धागा मेडियाचा आहे हो!

वाचनमात्र
ब्रिटिश दिग्दर्शक पीटर ब्रूकचं पडद्यावरचं 'महाभारत' (१९८९) आठवा. अर्जुन वित्तोरिओ मेझ्झोजोर्नो, नेपल्सजवळचा. द्रौपदी मल्लिका साराभाई, भीष्म पश्चिम आफ्रिकेतले सोतिगी कुयाते. सगळे आपापल्या उच्चारांत इंग्रजी बोलतात. "भीष्म असा बोलतो होय?" म्हणत आमचे बाबा उठून गेले. युद्धाच्या वेळी गुपचूप येऊन दारात उभे. बसले मात्र नाहीत.

तळ्यात_मळ्यात
हेच म्हणतेय मी! इटालियन अर्जुनाचं इटालियनपण तिथे कुणी पुसलं नाही.

मिलानचा_मामा
कारण तिथे कुणीच घरचं नव्हतं. 'मेडिया'त एकटीच परकी हवी... हं. म्हणजे तुमचंच म्हणणं झालं. ठीक आहे, कॅलासपुरतं मान्य. जेसन देणार नाही. सासूबाईंना यातलं काही कळवू नये.

तळ्यात_मळ्यात
उपकार झाले. जेसन ठेवा तुम्हालाच, तसाही तो कुणाला नकोय.

खवचट_खानदेशी
द्वारपालांचं काय ठरलं?