मदत हवी आहे: सोलापूरच्या उमेदवाराने मॅटच्या (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, जिथे राज्य सरकारी नोकरीचे वाद चालतात) कुठल्या खंडपीठाकडे जायचं?

नमस्कार मंडळी. माझी धाकटी बहीण सोलापुरात जोडभावी पेठेत राहते. मराठवाड्यातल्या एका जिल्ह्यात राज्य शासनाच्या गट-क पदासाठी तिने अर्ज केला. परीक्षा केंद्र सोलापूरच होतं. गुणवत्ता यादीत नाव आलं, पण कागदपत्र पडताळणीत नॉन-क्रीमीलेअर दाखल्याच्या तारखेवरून तिला अपात्र ठरवलं. दाखला मुदतीतला आहे, मी स्वतः शिक्का नि तारीख पाहिली आहे. पोरीने वर्षानुवर्षं अभ्यास केलाय हो, जीव तुटतो.

कोल्हापूरला ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच आहे, तिथे जा, असं बरेच जण सुचवतात. पण सर्वोच्च न्यायालयाच्या १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालानुसार उच्च न्यायालयाआधी मॅटकडेच जावं लागतं. मॅटमध्ये आमचा जिल्हा मुंबईकडे, अपात्र ठरवणारं कार्यालय छत्रपती संभाजीनगर खंडपीठाच्या हद्दीत. वकील म्हणतात, वादाचं कारण अंशतः जिथे घडलं तिथेही अर्ज चालतो. मग नुसतं परीक्षा केंद्र आणि घरी आलेलं पत्र एवढ्यावर मुंबईत अर्ज टिकेल का? मला तरी ते लंगडं वाटतं.

मुदत एक वर्षाची असली तरी नेमणुका त्याआधीच होतील, म्हणून स्थगिती लवकर हवी. भरतीच्या प्रकरणात कुणी असा अर्ज केला असेल तर कृपया सांगा, कुठे दाखल करून घेतला?