मदत हवी आहे: काळखुंट गेल्यावर गावाचं काय होतं? (तातडीचं)

अर्धीपणती:
मी रचलेल्या जगात काळ सगळीकडे सारखा वाहत नाही. म्हणून प्रत्येक गावात एक काळखुंट रोवलेला असतो. खुंटात लंबक असतो आणि तो झुलतोय तोवर गावातला काळ स्थिर. आता एका गावातला खुंट गेलाय. पुढे काय होईल ते मला स्वतःला पटेल असं सुचत नाहीये, तीन दिवस झाले. शनिवारच्या आत हवंय. 'जादूच आहे, काहीही चालेल' असं कृपया कुणी लिहू नका.

रातकिडा:
गेलाय म्हणजे? मोडला, थांबला की चोरीला गेला? आणि खुंट नसेल तर काळ पळतो की रेंगाळतो? एवढं कळल्याशिवाय काय सांगणार?

अर्धीपणती:
दोन्ही. डोंगरावर पळतो, नदीकाठी रेंगाळतो. मला वाटलं ते उघडच आहे.

तिसरा_प्रहर:
जग तुमच्या डोक्यात आहे, आम्हाला कसं उघड असेल? कल्पना मात्र आवडली. आपल्याकडेही उंचावरचं घड्याळ किंचित पुढे पळतं. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं उंचीमुळे दिवसाला सुमारे ४५ मायक्रोसेकंद पुढे जातात, वेगामुळे ७ मागे पडतात. उरतात ३८, आणि त्यांची दुरुस्ती केली नाही तर ठिकाणं चुकायला लागतात. तेव्हा डोंगर आणि नदी तशीच ठेवा.

शेवाळ:
आधी तो लंबक काढून टाका. सीझियम या धातूच्या अणूंवर चालणारं घड्याळ घ्या. १९६७ पासून सेकंदाची व्याख्याच त्यावर आहे, ९,१९,२६,३१,७७० कंपनं. लंबकाच्या जोरावर अख्खं गाव कसं सांभाळणार?

रातकिडा:
ते घड्याळ झालं. घड्याळ काळ मोजतं, यांचा खुंट काळ धरून ठेवतो. पूर आला की पाण्याची उंची मोजणारी काठी कितीही अचूक असली तरी बांधाचं काम करत नाही.

शेवाळ:
बांध किती उंच घालायचा हे काठीशिवाय कळेल का? मोजल्याशिवाय धरता येत नाही.

वाळवंटी_पाऊस:
यंत्र पहिल्या प्रकरणात समजावून सांगू नका. मी माझ्या कादंबरीत तीस पानं नकाशा आणि नियमांवर घालवली आणि वाचणाऱ्या मैत्रिणीने पाचव्या पानावर वही मिटली. आणखी एक, 'काळखुंट'पेक्षा 'काळमेख' कानाला बरं वाटतं.

अर्धीपणती:
कादंबरी नाहीये! खेळ आहे. मी गोष्ट पुढे नेते आणि समोर बसलेले पाच जण एकेक पात्र होतात. गेल्या शनिवारी त्यांनी खुंट उपटला, गाडीत घातला आणि निघाले. नाव बदलणार नाही.

रातकिडा:
अहो, हे पहिल्या ओळीत हवं होतं! तुमचा प्रश्न 'खुंट गेला' हा नाहीच, 'खुंट चालू लागला' हा आहे. हादरणाऱ्या गाडीत लंबक ठेका धरणार नाही. जहाजावर नेमकी हीच अडचण होती. जॉन हॅरिसन या इंग्रज घड्याळजीने शेवटी लंबक सोडला आणि स्प्रिंगवर डुलणारं चाक घेतलं. १७६१ साली त्याचं चौथं यंत्र जमैकाकडे निघालं आणि ८१ दिवसांत फक्त ५ सेकंद चुकलं.

तिसरा_प्रहर:
ते ५ सेकंद रोजचा ठरलेला फरक हिशोबात धरल्यानंतरचे. त्यावरूनच तर पुढे वाद झाला.

रातकिडा:
मान्य. पण फरक ठरलेला असतो म्हणूनच तो वजा करता येतो.

तिसरा_प्रहर:
गाडी थांबवली तरी सुटका नाही. जाँ रिशे या फ्रेंच खगोलशास्त्रज्ञाने १६७२ मध्ये पॅरिसला लावलेला लंबक विषुववृत्ताजवळ केयेनला नेला, तर तो दिवसाला सुमारे अडीच मिनिटं मागे पडू लागला. दोरी आखूड करावी लागली. म्हणजे एका गावासाठी घडवलेला खुंट दुसरीकडे वेगळ्या चालीने झुलणार. गाडीतल्या पाच जणांचा काळ ना या गावाचा ना त्या गावाचा.

भिंतीवरची_पाल:
ते पुढच्या गावात पोचतील तेव्हा खरी गंमत आहे. लंबकाचं घड्याळ बनवणारा डच शास्त्रज्ञ हायगेन्स १६६५ मध्ये आजारी पडून होता. एकाच आधाराला टांगलेली त्याची दोन लंबकाची घड्याळं त्याने पाहिली. कसंही सुरू केलं तरी अर्ध्या तासात दोन्ही लंबक एका ठेक्यात, उलट्या दिशांनी झुलू लागत. आधारातून एकाची थरथर दुसऱ्यापर्यंत जायची. तुमच्या दोन खुंटांचा समाईक आधार जमीन. गाडी वेशीत शिरली की तिथला खुंट बिचकेल.

अर्धीपणती:
हे! हेच हवं होतं. म्हणजे नुसत्या जाण्यानेच ते दुसरं गाव बिघडवतील.

वाळवंटी_पाऊस:
मेख हा शब्द तरी विचारात घ्या.

भिंतीवरची_पाल:
मागे राहिलेल्या गावात कोण आहे? ते तुम्ही अजून सांगितलं नाहीत.

अर्धीपणती:
एका पात्राची आई. त्याने तिला सांगितलंय, दोन दिवसांत परत येतो.

रातकिडा:
गाव डोंगरावरचं की नदीकाठचं?

अर्धीपणती:
नदीकाठचं.

रातकिडा:
मग ती वाट बघत झुरत बसलेली नाही. हे महिनाभर भटकून परतले तरी ती दारातच उभी असेल, निरोपाला वर केलेला हात अजून खाली आला नसेल.

अर्धीपणती:
शनिवारची सुरुवात इथूनच करते. नदीकाठचा काळ नक्की किती पट रेंगाळतो ते आज रात्री ठरवते आणि इथे टाकते, चुका काढा.