मदत हवी आहे: काल्पनिक भाषांचं नादावरून वर्गीकरण, माठाची परीक्षा कशी सावरू?

नमस्कार मंडळी,

मी चोपड्याची. एका काल्पनिक खोऱ्यावर मुलांसाठी कादंबरी लिहिते आहे. त्या खोऱ्यात नऊ भाषा आहेत. कोणती भाषा कोणाची लेक, कोणती कोणाची बहीण, असा हिशोब तिथे कोणी मांडत नाही. तिथले लोक भाषा कानाने लावतात: बोलताना आवाज कुठे घुमतो आणि शब्द संपल्यावर मागे काय उरतं, एवढंच बघतात. ध्वनिशास्त्र, संस्कृत व्याकरण किंवा बोलींचा अभ्यास असलेल्यांनी कृपया वाचा. दोन ठिकाणी गाडी अडली आहे.

आधी पद्धत सांगते. खोऱ्यात एक पारखीण असते. तिच्यापुढे एकाच मापाचे तीन माठ: एक जवळजवळ रिकामा, एक अर्धा भरलेला, एक गळ्याशी पाणी आलेला. आत हवा जितकी कमी, तितका माठाचा सूर चढा. घागर भरताना आवाज वर चढत जातो तो त्याचमुळे. बोलणारा माठांच्या तोंडाशी बोलतो आणि ज्या माठाचा सूर जुळतो तो घुमतो. त्यावरून भाषेचं घर ठरतं: खोल, मधलं, उंच. ओ आणि ऊ ज्या भाषेत भरपूर ती खोल घरात, ई आणि ए जिथे भरपूर ती उंच घरात. ही अगदीच मनची गोष्ट नाही. हेल्महोल्ट्झ या जर्मन शास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकात पोकळ गोळे कानाला लावून आवाजातले सूर असेच वेगळे केले होते.

घर ठरलं की शेपूट. म, न, ण मागे रेंगाळत असतील तर गुंजरी, स, श, फ असतील तर सळसळी, क, ट, प असतील तर टिचकी. म्हणजे एखादी भाषा खोल-गुंजरी, दुसरी उंच-टिचकी. उच्चनीच मात्र मी मुद्दाम ठेवलेलं नाही. आमच्याकडच्या पोरांना शहरात गेल्यावर तोंड उघडताच "गावाकडचा का?" असं ऐकावं लागतं, आणि ते मला फार लागतं. माझ्या पुस्तकात तरी कोणत्याही घराची भाषा दुसऱ्या घरापुढे खाली मान घालणार नाही. खलनायकाच्या तोंडी सगळे क आणि ट देणंही मी टाळलं आहे.

आता पहिली अडचण, आणि हीच मोठी. चौथ्या प्रकरणात एक आजोबा आणि त्यांची सहा वर्षांची नात पारखिणीकडे येतात. दोघं एकच भाषा बोलतात. पण आजोबांच्या आवाजाने रिकामा माठ घुमणार आणि नातीच्या आवाजाने भरलेला. मग एकाच घरातल्या दोन माणसांच्या भाषा दोन घरांत! पारखिणीने भाषा मोजायची आहे, गळा नाही. प्रसंग काढून टाकता येईल, पण वाचणाऱ्या मुलांपैकी एखादं हे विचारणारच, आणि त्याला खरं उत्तर मिळायला हवं असं मला वाटतं.

दुसरी अडचण शेपटाची. वर्णमाला बघून शेपूट ठरवू की वाहतं बोलणं ऐकून? माझा कल बोलण्याकडे आहे. प्रमाण मराठीत "माझ्या भावाचा मुलगा" म्हणतात, अहिराणीत "मना भाऊना पोऱ्या". झ आणि च या दोन्हींच्या जागी 'न' आला. न दोन्ही भाषांत आहेच, तक्ता मांडला तर हा फरक दिसणारही नाही. पण अहिराणीत षष्ठीचा प्रत्ययच ना-नी असल्यामुळे बाजारात दोन घटका उभं राहिलं तरी न कानात भरून राहतो. बहिणाबाई चौधरींच्या लेवा बोलीत 'डोळा'चा 'डोया' होतो, तिथे तर जिभेचा टाळूला होणारा स्पर्शच गेला आणि शब्द सैल, वाहता झाला. हे सगळं पकडेल अशी मोजणी हवी आहे. शंभर अक्षरांचा उतारा घेऊन मोजू का? की आणखी काही?

प्रतिसाद

ताई, पद्धत आवडली. माझं काम ध्वनिमुद्रणाचं आहे, तेवढ्यावरून सांगतो.

तुम्ही दोन गोष्टी एकत्र बांधल्या आहेत: स्वरतंतूंचा सूर आणि तोंडाच्या पोकळीचा घुमारा. आपल्या जुन्या वैयाकरणांनी त्या वेगळ्या ठेवल्या होत्या. कंठ मिटता असेल तर नाद, उघडा असेल तर श्वास, हा एक विचार आणि उच्चाराचं स्थान हा दुसरा. आजोबा आणि नात यांच्यात सर्वांत मोठा फरक सुराचा आहे. तो घालवायचा सोपा उपाय म्हणजे दोघांना कुजबुजायला सांगा. कुजबुजताना स्वरतंतू थरथरत नाहीत, सूर जातो, पण पोकळीचा घुमारा राहतो. म्हणून तर कुजबुजीतही 'ई' आणि 'ऊ' वेगळे कळतात.

तरी मुलाचं तोंड-घसा लहान, हा फरक उरतोच. मोठ्या पुरुषाची ही नळी साधारण १७ सेंटीमीटरची असते आणि साधा 'अ' म्हणताना तिचे घुमारे ५००, १५००, २५०० हर्ट्झच्या आसपास येतात. नळी आखूड झाली की सगळेच वर सरकतात, पण जवळपास एकाच प्रमाणात. म्हणून पारखिणीने आधी प्रत्येकाला 'अ' म्हणायला लावावं, तो घुमेल इतकं पाणी एका भांड्यात घालावं आणि बाकीची भांडी त्या मानाने लावावीत. मग माणूस स्वतःशीच तोलला जाईल.

आणि माठ बदला. माठाचा सूर फार खोल असतो, जिभेच्या हालचालीचे फरक त्यात येणार नाहीत. लोटी, बुडकुलं घ्या. 'ई'चा दुसरा घुमारा २००० हर्ट्झच्याही वर जातो, त्याला अत्तराच्या कुपीएवढंच काहीतरी लागेल. कुजबुजीने भांडं जोरात घुमणार नाही, पारखिणीला कान लावूनच ऐकावं लागेल.

शेपटासाठी अक्षरं मोजू नका, वेळ मोजा. म लांबवता येतो, ट लांबवता येत नाही. प्राट नावाचं फुकट सॉफ्टवेअर आहे, त्यात मुद्रण टाकलं की कोणता ध्वनी किती वेळ चालला ते दिसतं.

धागाकर्ती

भाऊ, मनापासून आभार. कुजबुजीची परीक्षा घेते. पारखीण कुपी कानाशी धरून बसली आहे आणि सगळा चौक तिच्यासाठी गप्प झाला आहे, असं ते प्रकरण आता नव्याने लिहायला घेतलं आहे. 'अ'वरून भांडी लावण्याचं काम नातीलाच देणार आहे. वेळेची मोजणीही पटली.

आता बाकीच्यांना विनंती. शेपटाची मोजणी आधी खऱ्या बोलींवर करून बघायची आहे. धुळे, शिरपूर, पारोळा, नंदुरबार, रावेर, यावल या भागातल्या कोणाला जमलं तर घरातल्या एका मोठ्या माणसाकडून आणि एका मुलाकडून "माझ्या भावाचा मुलगा काल बाजारात गेला होता" हे वाक्य आपापल्या बोलीत म्हणवून घ्या. एकदा नेहमीच्या आवाजात, एकदा कुजबुजत. मोबाइलवरचं मुद्रण चालेल, फक्त पंखा बंद ठेवा. गावाचं आणि बोलीचं नाव तेवढं लिहा, माणसाचं नको. पावरी किंवा भिली या आदिवासी बोली बोलणारे कोणी असतील तर त्यांचं मुद्रण आधी हवं आहे.