अरबांनी नुसती नक्कल केली म्हणे!

चांदणवेडा: काल इथे एकाने ठोकून दिलं, ‘ताऱ्यांची अरबी नावं म्हणजे टॉलेमी या ग्रीक ज्योतिर्विदाच्या वहीची नक्कल, बाकी काही नाही.’ डोकं फिरलं, म्हणून लिहितोय. सप्तर्षीच घ्या. क्रतूचं पाश्चात्त्य नाव दुभे, म्हणजे अरबीत अस्वल. ते अस्वल ग्रीकांचं, कबूल. पण टोकाचा मरीची? अल्काइद, ‘बनात नअश’चा म्होरक्या. चार ताऱ्यांची तिरडी आणि मागून चालणाऱ्या तीन मुली. यात अस्वल दाखवा कुठंय ते! रोहिणीचं अल्डेबरनही तसंच, कृत्तिकांच्या ‘मागून येणारा’.

गणितीबुवा: काल लिहिणारा मीच. दोन नावांवर किल्ला लढवताय. रिगेल म्हणजे पाय, डेनेब म्हणजे शेपूट, फोमलहॉट म्हणजे माशाचं तोंड. सगळं टॉलेमीचं वर्णन. ११७५ च्या सुमारास स्पेनमधल्या टोलेडोत जेरार्ड नावाच्या अनुवादकाने ते अरबीतून लॅटिनमध्ये नेलं. अरब म्हणजे मधले पोस्टमन.

चांदणवेडा: पोस्टमन पाकीट फोडून आतला मजकूर तपासत नाही हो. ज्योतिर्विद अल-सूफीने ९६४ साली टॉलेमीच्या ताऱ्यांच्या प्रती, म्हणजे तेजाचे दर्जे, स्वतःच्या डोळ्यांनी पडताळल्या, बदलल्या, शेजारी अरबांची जुनी नावंही नोंदली.

मावळतीकर: तिरडी कसली? आमच्या आजीची ती बाज! चार खूर, आणि बाज पळवणारे तीन चोर. अंगणात गोधडीवर पडून बोटाने दाखवायची, मधल्या चोराजवळची बारीक चांदणी दिसली तरच डोळे धड.

विदर्भी: बाज नाही, खाटलं. आणि खाटलं म्हातारीचं. तुमच्याकडं म्हातारी गाळली की काय?

मावळतीकर: म्हातारी आहेच, ती जागी राहते म्हणून तर चोरांना बाज नेता येत नाही. नीट ऐकलंच नाही तुम्ही लहानपणी.

काखेतला कळसा: बाज राहू द्या, माझे गुण परत द्या. शाळेत मृगाच्या खांद्यातल्या तांबड्या ताऱ्याला मी ‘आर्द्रा’ लिहिलं. गुरुजींनी ‘काक्षी’ करून अर्धा गुण कापला. काक्षी आली कुठून?

चांदणवेडा: त्या ताऱ्याचं पाश्चात्त्य नाव बेटेलज्यूज. मूळ ‘यद अल-जौझा’, जौझाचा हात. अरबीत ‘य’खाली दोन टिंबं, ‘ब’खाली एक. एक टिंब चुकलं आणि ‘यद’चं ‘बद’ झालं. पुढे युरोपातल्या पंडितांना ‘बद’चा अर्थ लागेना, त्यांनी ‘इब्त’ म्हणजे काख असणार असं ठरवलं. आपली काक्षी त्याच काखेतली असावी, हा माझा तर्क. आणि बुवा, जौझा ही ग्रीकांना मृगात दिसलेला शिकारी नव्हे, अरबांची स्वतःची आकृती.

काखेतला कळसा: म्हणजे एका टिंबापायी माझा अर्धा गुण गेला!

गणितीबुवा: बरं बाबा, पोस्टमनने पाकिटावर स्वतःच्या चार ओळी खरडल्या होत्या, झालं समाधान? पण पाकीट ग्रीकांचंच.

मावळतीकर: पाकीट कुणाचंही असो. बाजेला तिरडी म्हणालात तर आजी स्वप्नात येऊन काठी घालील.