ब्रुक नसता तर सोतिगी कुयाते कोण?

खडकमाळकर :
ब्रिटिश दिग्दर्शक पीटर ब्रुकच्या ‘महाभारत’ नाटकावरच्या कालच्या लेखात भीष्म झालेल्या सोतिगी कुयातेचा निकाल एका ओळीत लावलाय: “ब्रुक नसता तर या माणसाला कोण विचारत होतं?” डोकंच फिरलं.

१९३६ चा जन्म, मालीतल्या बामाकोचा. वाढला आजच्या बुर्किना फासोत, देशाच्या फुटबॉल संघात खेळला, १९६६ पासून रंगभूमीवर. ब्रुककडे गेला तेव्हा पंचेचाळिशी उलटली होती. घराणं ग्रिओंचं, म्हणजे पश्चिम आफ्रिकेतल्या परंपरागत कथेकऱ्यांचं; केइता राजांच्या वंशावळी नि कथा पिढ्यान्‌पिढ्या तोंडपाठ. अशा माणसाला नऊ तासांचं नाटक काय जड?

आणि नंतरचं? १९९५ चा ‘केइता’ चित्रपट, मुलानं, दानी कुयातेनं, काढलेला. त्यात हा म्हातारा ग्रिओ शहरात येऊन शाळकरी पोराला माली साम्राज्य उभारणाऱ्या सुंजाता राजाची कथा सांगतो, नि पोरगं शाळा विसरतं. ‘लिटिल सेनेगल’मध्ये सेनेगलच्या गोरे बेटावरचा वाटाड्या, गुलाम म्हणून नेलेल्या पूर्वजांचे वंशज शोधत अमेरिकेत जाणारा. २००९ ला ‘लंडन रिव्हर’साठी बर्लिन चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेता. अजून काय करायचं होतं त्यानं?

तिरकस तात्या :
यादी पाठ आहे, शाब्बास. १९७२ च्या नायजरच्या मुस्तफा अलासानच्या चित्रपटातही तो होता. पाहिलाय? नाही ना! ब्रुकच्या पॅरिसचा शिक्का बसल्यावरच तुम्हाला दिसला. लेखकाचं तेच म्हणणं आहे.

मंदाकिनी_७ :
मूळ प्रश्न राहू द्या. भीष्म आफ्रिकेतला कशाला? मोठ्या भूमिकांत भारतीय म्हणाल तर एकटी मल्लिका साराभाई. नाट्यसमीक्षक रुस्तम भरुचांनी तेव्हाच झोडपलंय ब्रुकला.

खडकमाळकर :
भरुचांचा राग ब्रुकवर. कुयातेनं काय घोडं मारलंय?

जोगवा :
आमचे आजोबा कीर्तनकार. त्यांना ब्रुकनं या नाटकाचा केलेला चित्रपट कॅसेटवर दाखवला होता. भाषा कळेना, तरी शरपंजरीपर्यंत हलले नाहीत. म्हणाले, “हा गडी बोलत नाही, सांगतोय.” चोप्रांच्या मालिकेतल्या भीष्माला त्यांनी हे कधी म्हटलं नाही.

मंदाकिनी_७ :
आजोबांना नमस्कार, पण हा काय पुरावा झाला? मुकेश खन्नाच्या प्रतिज्ञेला आमची अख्खी चाळ उभी राहायची. मी ब्रुकचा चित्रपट पाहिलाय, झोप आली.

जोगवा :
कुठला? तीन तासांचा छाटलेला? तेवढ्यावर मतं ठोकताय? टीव्हीसाठी केलेली पाच तासांची आवृत्ती बघा आधी.

मंदाकिनी_७ :
तीन तासांत झोपले, पाच तासांत घोरेन.

तिरकस तात्या :
भांडा भांडा. रात्री ‘लंडन रिव्हर’ पाहिला. लंडनच्या २००५ च्या स्फोटांनंतर बेपत्ता मुलाला शोधणारा बाप. ब्रेंडा ब्लेथिननं केलेली बाई त्याच्याकडे संशयानं बघते, हा निमूट उभा. बरं बुवा, नट मोठा होता. पण ब्रुकशिवाय हा चित्रपट त्याला मिळाला नसता, यावरून मी हलणार नाही.

खडकमाळकर :
दिग्दर्शक रशीद बुशारेब. ‘लिटिल सेनेगल’ही त्याचाच. तिथून घेतलं असेल की! तुम्ही मात्र बसा ब्रुकची आरती ओवाळत.