विलंब माफी, क्षमापन की दिरंगाई?

विडी घरकुल: मामांचा जमिनीचा दावा खालच्या कोर्टात फेटाळला गेला. जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत ३० दिवस. मामा पाय मोडून अंथरुणावर, सव्वा महिना जास्तच गेला. वकिलांनी अपिलासोबत द्यायचा ‘विलंब माफीचा अर्ज’ टाइप करून दिलाय, पण मामा सही करेनात. म्हणतात, माफी चोरानं मागायची, पाय मोडला हा काय गुन्हा? दुसरा शब्द आहे का?

नवी पेठ: ‘विलंब क्षमापन’ लिहा. मुदत, माफ, अर्ज, सगळीच अरबी उसनवारी कशाला?

बार्शीकर: क्षमापन म्हटलं की मला पर्युषण आठवतं. आणि क्षमेत अपराध येत नाही का? मामा तिथंही अडणार.

जुना कारकून: मामांना विचारा, कर्जमाफी घेणारा शेतकरी चोर होता का? सारामाफी, फीमाफी तशीच ही. माफ म्हणजे सोडून दिलं. वकील मंडळी ‘डिले कंडोन’ म्हणतात, त्या कंडोनच्या लॅटिन मुळातही ऋण सोडून देणं आहेच. फक्त ही सूट हक्कानं मिळत नाही. १९६३ च्या मुदत कायद्याचं कलम ५ म्हणतं, कारण पुरेसं वाटलं तर. तेही अपिलाला आणि अर्जाला. मूळ दावाच उशिरा लावला असता, तर दोन्ही पाय मोडून या कलमाचा उपयोग नव्हता.

होटगी रोड: आमचे आजोबा ‘दिरंगाई माफ’ म्हणायचे.

नवी पेठ: दिरंगाई ‘दीर्घ’वरून. म्हणजे संस्कृतच!

जुना कारकून: फारसी ‘दिरंग’ आहे तो. आणि अर्जात चुकूनही लिहू नका. विलंब कुणालाही होतो, दिरंगाई माणूस करतो. समोरचा वकील नेमकं त्यावरच बोट ठेवेल. १९८७ च्या कातिजी निकालात सुप्रीम कोर्टानं म्हटलंय की दर दिवसाचा खुलासा मागताना तारतम्य हवं, नाहीतर दर तासाचा, दर सेकंदाचा का नको? पण २०१२ मध्ये टपाल खात्याचं अपील उशिरा आलं, तेव्हा फाइल टेबलाटेबलावर फिरत होती ही सबब चालली नाही. दिरंगाई शोभते ती तिथं.

बार्शीकर: ते राहू द्या. नकलेचे दिवस वजा केलेत का? मुदतीत अर्ज केला असेल तर निकालाची नक्कल तयार होईपर्यंतचे दिवस कलम १२ प्रमाणे मोजत नाहीत. उरेल तेवढ्याचाच खुलासा द्यायचा, शपथपत्र आणि दवाखान्याचे कागद जोडून.

विडी घरकुल: अर्ज मुदतीतच होता, नकलेत तीन आठवडे गेले! मामांना सांगितलं. म्हणाले, मग उरलेल्यासाठी तर मुळीच माफी मागणार नाही.

नवी पेठ: नक्कल माकडं करतात. ‘प्रतिलिपी’ म्हणा.

होटगी रोड: आणि झेरॉक्सला?

नवी पेठ: छायाप्रत. रुळलाय की तो शब्द.

जुना कारकून: सरकारी फॉर्मवर रुळलाय. कोर्टासमोरच्या दुकानात छायाप्रत मागून बघा. पोरगं म्हणेल, “काय पाहिजे बे?”

बार्शीकर: हा ‘बे’ सोलापुरात कानडीतून आला की हिंदीतून?

होटगी रोड: कानडीतून. पैज लावतो.

नवी पेठ: ‘अबे’चा तुकडा आहे तो, सरळ हिंदी. पैज मंजूर.